बिट्टूचं रडणं आणि शेजारधर्म

(रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



मी बी विंगमधली. नावाने फारसं कुणी ओळखत नाही, पण 'बिट्टूची आई' म्हटलं की मुलंसुद्धा आमचं दार दाखवतात. कुत्र्याबद्दल पाच मिनिटं बोला, असं मला सांगितलंय. पण आधी एक माफी मागायची आहे.

बिट्टू छोटासा स्पिट्झ. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये आला. तेव्हा आम्ही चौघंही दिवसभर घरात. तो सतत कुणाच्या तरी मांडीवर. पुढे ऑफिस-कॉलेज सुरू झालं आणि तो पहिल्यांदाच एकटा राहिला. घरी परतावं तर दाराची चौकट कुरतडलेली, फरशीवर शू. मी त्याला पेपरच्या सुरळीने मारलंसुद्धा.

त्यातच समोरच्या काकूंची तक्रार कमिटीकडे गेली. त्यांच्या नातीची बारावी होती. किती वाजता भुंकतो, किती वेळ भुंकतो, सगळं तारीखवार लिहिलेलं. मला फार राग आला. काकूंशी बोलणं टाकलं. बिट्टूला गावी देऊन टाकायचंही ठरत आलं होतं.

शेवटचा उपाय म्हणून तो कागद घेऊन डॉक्टरांकडे गेलो. ते म्हणाले, "हा कागद कुणी लिहिला? त्यांचे आभार माना." भुंकणं आम्ही दार ओढल्यावर पाच मिनिटांतच सुरू व्हायचं. म्हणजे हा खोडसाळपणा नव्हे, एकटं राहण्याची भीती. मारलं की ती वाढते, बाथरूममध्ये कोंडलं तरी वाढते.

दुसरा कुठला आजार नाही ना, हे त्यांनी आधी तपासलं. मग शिकवणी सुरू झाली. किल्ली उचलायची, चपला घालायच्या आणि पुन्हा सोफ्यावर बसायचं, म्हणजे किल्ली वाजली की धडकी भरत नाही. नंतर दाराबाहेर पाच सेकंद, दहा सेकंद, अर्धा मिनिट. तो रडायच्या आत परत यायचं. रडलाच तर आपली घाई झाली, पुढच्या वेळी वेळ कमी करायची. जाताना रबरी खेळण्यात दहीभात भरून द्यायचा. कांदा आणि मनुका मात्र नको, त्या कुत्र्यांना विषारी. जाता-येता लाडाचा गाजावाजा नाही. घरात असतानाही थोडा वेळ त्याच्या गादीवर, दुसऱ्या खोलीत. काही कुत्र्यांना औषध लागतं, पण ते डॉक्टरच ठरवतील. माणसांची गोळी देऊ नका.

सगळ्यात अवघड अट म्हणजे, शिकवणी चालू असताना त्याला झेपेल त्यापेक्षा जास्त वेळ एकटं सोडायचं नाही. नोकरीवाल्या घरात हे जमायचं कसं? मी काकूंकडे आभार मानायला गेले आणि रडले. त्या म्हणाल्या, "अगं, मग माझ्याकडे सोड की!" नात अभ्यास करायची आणि बिट्टू तिच्या पायाशी झोपायचा.

चार-पाच महिने लागले. आता तो तीन तास शांत राहतो.

काकू, तेव्हा तुमच्याशी अबोला धरला, त्याबद्दल सगळ्यांसमोर माफी मागते. एकट्या कुत्र्याचं रडणं घरच्यांना कधीच ऐकू येत नाही, कारण ते घरी नसतात. ते शेजाऱ्यालाच ऐकू येतं. तेव्हा मंडळी, कुणाचा कुत्रा रडत असेल तर वेळ लिहून ठेवा आणि संध्याकाळी त्यांची बेल वाजवा. आणि बेल वाजली की आम्हीही दार नीट उघडू.