कोपरा आणि ओळंबा

भिंतीला शोभेचा कागद लावायचा म्हटलं की, ‘हा शहरी थाट आपल्याला कशाला?’ असं कुणी म्हणेल. पण हल्ली खेड्यांतूनही हौसेनं कुणी माजघराला, कुणी शाळेच्या वर्गाला असा कागद लावतात. सपाट भिंतीवर काम झकास उतरतं. फजिती होते ती कोपऱ्यात. नक्षी तिरकी जाते, कागद फुगतो आणि कष्टाचे पैसे वाया जातात.

असं का व्हावं? याला कारणं दोन. एक तर कोपरा सहसा सरळ नसतो. डोळ्याला उभा दिसणारा कोपरा ओळंबा सोडून पाहिला, की बोटभर कललेला आढळतो. दुसरं म्हणजे, खळ लावली की कागद फुगतो आणि वाळताना आकसतो. अख्खा पट्टा कोपऱ्यातून वळवला, तर आकसताना तो कोपरा सोडून पुढं येतो. मागं पोकळी राहते. पोराचं बोट लागलं की फाटलाच!

तेव्हा कोपऱ्यात पट्ट्याचे उभे दोन भाग करावेत. कागदाची रुंदी बहुधा ५३ सेंटिमीटर असते. शेवटच्या पट्ट्यापासून कोपऱ्यापर्यंतचं अंतर वर, मध्ये आणि खाली असं तीन ठिकाणी मोजा. समजा, ते ३०, ३०.५ आणि ३१ भरलं. यातलं मोठं माप ३१ धरा, त्यात दीड सेंटिमीटर मिळवा आणि ३२.५ वर कापा. हा भाग लावून जादा कड पलीकडच्या भिंतीवर वळवा आणि मऊ फडक्यानं कोपऱ्यात नीट दाबा.

उरला २०.५ सेंटिमीटरांचा तुकडा. आता कोपऱ्यावर भरवसा ठेवू नका. दुसऱ्या भिंतीवर गवंड्याचा ओळंबा सोडा आणि पेन्सिलीनं उभी रेघ मारा. ती कोपऱ्यापासून कुठंही २० सेंटिमीटरांहून दूर जाऊ नये. तुकड्याची न कापलेली बाजू या रेघेला लावा. कापलेली बाजू कोपऱ्याकडे येऊन वळवलेली कड झाकते. जादा राहील ते धारदार पात्यानं छाटा. नक्षी केसभर तुटेल, पण पुढची सगळी भिंत सरळ येईल. खांबाच्या किंवा खिडकीच्या बाहेर आलेल्या कोपऱ्यालाही हाच नियम; तिथं मात्र कड अडीच सेंटिमीटर वळवावी.

एक सावधगिरी मात्र हवी. भिंतीला ओल असेल किंवा चुन्याचे पोपडे सुटत असतील, तर कागद लावूच नका. आधी ओलीचं मूळ शोधा, पोपडे खरवडा. नाहीतर कागदाआड बुरशी वाढेल आणि खळीच्या वासानं कसर येईल.

शिक्षक बंधुभगिनींनो, वर्गाचा कोपरा हा भूमितीचा आयता धडा आहे. कोपऱ्यातून जमिनीवर एका भिंतीलगत ३ फूट, दुसरीलगत ४ फूट मोजून खुणा करायला सांगा. दोन खुणांमधलं अंतर बरोबर ५ फूट भरलं, तर तो काटकोन. मग दोरीला दगड बांधून भिंत उभी आहे का, तेही मुलांनाच पाहू द्या. पायथागोरसाचा सिद्धांत पाठ करणारी मुलं पुष्कळ भेटतात; तो भिंतीला लावून पाहणारी थोडी.

शेजारच्या पट्ट्याकडे पाहून पुढचा लावत गेलं, की पहिल्याचा तिरकेपणा शेवटापर्यंत जातो. म्हणून प्रत्येक कोपऱ्यावर थांबावं आणि ओळंबा पुन्हा सोडावा. त्याला पाच मिनिटं लागतात, पण सगळी खोली सुधारते.