माग शिवेपाशी हरवला तर



साहित्य संमेलनाला वकील अध्यक्ष कशाला, असं दोघांनी मला कालच विचारलं. प्रश्न रास्त आहे. मी जन्मभर लिहिलं ते बहुतेक स्टॅम्पपेपरवर. पण त्याच कागदांत एक गोष्ट सापडली, ती लिहिणाऱ्यांच्या पुढ्यात ठेवायला आलोय.

काही वर्षांपूर्वी एक बाई वारसनोंदीच्या कामासाठी माझ्याकडे आली. बांधाच्या भांडणात नवरा मारला गेलेला. पिशवीतून कागद काढता काढता गारपिटीच्या भरपाईचा कागद निघाला. डाळिंब गेलं होतं; तलाठी आला, पंचनामा झाला, पैसे खात्यावर जमा. मी विचारलं, "आणि मालकांचं काय मिळालं?" तिला प्रश्नच कळला नाही. पंचनामा तर त्यांचाही झाला होता. पण त्यात मातीवरचे डाग, कुऱ्हाडीच्या दांड्याची लांबी, पंचांच्या सह्या. आता या घरात मिळवतं कोण, हे लिहायला त्या कागदात जागाच नव्हती.

कायद्यात मात्र जागा आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेत ३५७-अ हे कलम आलं आणि ३१ डिसेंबर २००९ पासून लागू झालं. गुन्ह्यात नुकसान सोसलेल्याला, किंवा त्याच्यावर अवलंबून असलेल्यांना, पुनर्वसनासाठी राज्याच्या निधीतून भरपाई. १ जुलै २०२४ पासून तीच तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ३९६व्या कलमात आहे. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे. चौकशी दोन महिन्यांत संपवायची, असं कलमच म्हणतं. आणि आरोपी सुटला तरी, इतकंच काय, तो कोण हे कधी कळलंच नाही तरीही भरपाई मिळू शकते. हे शेवटचं ऐकून वकीलसुद्धा चमकतात.

आपल्या मुलखाला चमकायचं कारण नाही. पेशवाई बुडाल्यावर एल्फिन्स्टन या इंग्रज अधिकाऱ्यानं १८१९ मध्ये दख्खनच्या कारभाराचा अहवाल लिहिला. त्यात आपल्या गावरहाटीची एक रीत नोंदली आहे. चोरी झाली की गावच्या राखणदारानं चोराचा माग काढायचा. माग शिवेपलीकडे गेला, की तो पुढच्या गावाच्या राखणदाराच्या हवाली करायचा. असं करत माग ज्या गावात हरवेल, त्या गावानं भरून द्यायचं. राखणदारानं ऐपतीप्रमाणे, बाकीचं गावावर पट्टी बसवून. चोर सापडेपर्यंत थांबा, असं कुणी म्हणत नव्हतं. राखण करायचं कबूल केलं होतं, ती झाली नाही, म्हणून देणं लागतो, हा सरळ हिशेब.

ही रीत सोन्याची होती असं मी म्हणत नाही. पहिला बोजा पडायचा तो गावातल्या सगळ्यांत गरीब माणसावर, रामोशाच्या घरावर. आणि पुरी रक्कम वसूल करणं अन्यायाचं होईल, हे एल्फिन्स्टनलाही दिसत होतं. पण तत्त्व बघा. पुढे राखणीचं काम सरकारनं स्वतःकडे घेतलं, देणं मात्र मागेच राहिलं. न्यूझीलंडनं १९६३ मध्ये सरकारी भरपाईचा कायदा केला, ब्रिटननं पुढच्या वर्षी योजना आणली. आपण घरचीच गोष्ट विसरलो होतो.

महाराष्ट्रानं २ ऑक्टोबर २०१३ ला मनोधैर्य योजना सुरू केली: बलात्कार, बालकांवरचे लैंगिक अत्याचार आणि अ‍ॅसिडहल्ला यांतल्या पीडितांसाठी. सुरुवातीला दोन लाख, विशेष बाबीत तीन. शेजारच्या गोव्यात तरतूद दहा लाखांपर्यंतची. २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं राज्य सरकारला सुनावलं की हा दानधर्म नव्हे. त्याच वर्षी आपली मर्यादाही दहा लाखांवर गेली. नाव मात्र मला आजही खटकतं. मनोधैर्य पीडित मुलीनं तक्रार द्यायला जातानाच दाखवलेलं असतं. सरकारनं द्यायचं ते पैसे, आणि तेही वेळेवर.

आता मुद्द्याचं. आपल्या बोलीत या पैशाला नाव नाही. उसाचं बिल म्हणतो, गारपिटीची भरपाई म्हणतो, ताठ मानेनं म्हणतो. पण अत्याचार झालेल्या पोरीला पैसे मिळाले की पारावर एकच वाक्य: "पैशासाठीच केस केली." कुणी डाळिंबवाल्याला म्हणतं का, पैशासाठी गारा पाडल्या? या एका वाक्यानं किती घरांनी अर्ज केलेच नाहीत, हे कुठल्या दप्तरात मोजलेलं नाही.

ते वाक्य खोडायचं काम कोर्टाचं नाही, तुमचं आहे. आपल्या ग्रामीण कथेत खून पुष्कळ आहेत, बांध आहेत, कोर्टाच्या तारखाही आहेत. निकालानंतरचं घर फारसं नाही. राज्यातल्याच एका खटल्यात, शेतातल्या कुत्र्याच्या भुंकण्यावरून वाद होऊन माणूस गेला. ३ मे २०१३ ला सर्वोच्च न्यायालयानं त्यात सांगितलं, की प्रत्येक फौजदारी खटल्यात भरपाईचा विचार झालाच पाहिजे, द्यायची असो वा नसो, कारणं नोंदवली पाहिजेत. भरपाईचा विसर पडला होता, हे कोर्टाला कबूल करता आलं. आपल्या कथेला का येऊ नये?

त्या बाईचा अर्ज आम्ही केला. पुण्याचे हेलपाटे झाले, प्रत्येक खेपेला तिचा रोज बुडाला. पैसे आले तेव्हा थोरला पोरगा शाळा सोडून ऊसतोडीला गेलेला होता. वेळेत सांगणारं कुणी भेटलं असतं, तर तो दहावीला बसला असता.

म्हणून ग्रामपंचायतीला एकच मागणं. मोफत कायदेशीर मदतीचा देशभराचा क्रमांक १५१०० आहे. संमेलनाचा मांडव उतरवायच्या आधी तो चावडीच्या फळ्यावर लिहा, आणि खडूनं नको, रंगानं लिहा.