दिव्यांगांचे थकलेले अनुदान आणि कायद्याची वाट

(पालघर तालुक्यातील सेवाकार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



बोईसर-तारापूर म्हटले की १९६९ साली सुरू झालेले अणुवीज केंद्र आणि औद्योगिक वसाहत डोळ्यांपुढे येते. त्याच परिसराच्या गावपाड्यांत शासकीय अनुदानावर औषधपाणी भागवणारे दिव्यांग बांधवही राहतात. हप्ता थकला की विचारणेसाठी तहसील कार्यालय गाठायचे, म्हणजे पालघर. धडधाकट माणसाला बोईसर-पालघर हा रेल्वेचा लहानसा प्रवास. कुबड्या घेऊन स्थानकाचा पूल चढणाऱ्याचा त्यात सारा दिवस जातो. म्हणून ही वाट आपण नीट समजून घेतली पाहिजे.

संजय गांधी निराधार अनुदान योजना १९८०पासून चालू आहे. ऑक्टोबर २०२५पासून दिव्यांगांचे मासिक अनुदान १,५०० वरून २,५०० रुपये झाले. ही कोणाची मेहेरबानी नव्हे. अपंगत्वात साहाय्य देण्याचे दायित्व राज्यघटनेच्या ४१व्या अनुच्छेदाने राज्यावर टाकले आहे, अर्थात आर्थिक कुवतीच्या मर्यादेत. दिव्यांग हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम २४ने त्याला कायद्याचा आधार दिला. अन्नहक्काच्या खटल्यात २८ नोव्हेंबर २००१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने वृद्धांचे निवृत्तिवेतन दरमहा ७ तारखेपर्यंत देण्याचा आदेश राज्यांना दिला होता. तो आदेश वृद्धांच्या योजनेपुरता होता. पण निराधाराचा पैसा वेळेवरच पोहोचला पाहिजे, हे तत्त्व त्यातून स्पष्ट झाले.

तक्रारीआधी मात्र कारण शोधावे. डिसेंबर २०२४पासून अनुदान थेट बँक खात्यात जमा होऊ लागले. ज्या खात्याची आधारजोडणी सर्वांत शेवटी झाली, त्यात पैसे जातात. कधी ते खाते विस्मरणात गेलेले असते. कधी हयातीचा दाखला राहिलेला असतो. हे दोष आपण आठवड्याभरात दूर करू शकतो.

कारण कार्यालयातच असेल, तर तहसीलदारांकडे लेखी अर्ज द्यावा, कोणत्या महिन्यांचे हप्ते आले नाहीत ते लिहावे आणि पोचेवर शिक्का घ्यावा. तोंडी विनवणीची नोंद कोठेच राहत नाही. उत्तर आले नाही तर माहिती अधिकाराचा अर्ज करावा. शुल्क १० रुपये, दारिद्र्यरेषेखालील अर्जदारास तेही माफ. उत्तराची मुदत ३० दिवस. ‘माझा प्रस्ताव कोणत्या तारखेस कोणाकडे गेला?’ एवढा एक प्रश्न पुरतो.

त्यापुढे पुण्यातील राज्य दिव्यांग आयुक्तांकडे तक्रार करता येते. चौकशीसाठी त्यांना दिवाणी न्यायालयासारखे अधिकार आहेत. त्यांचा निर्णय शिफारशीच्या स्वरूपाचा असतो. परंतु ती शिफारस न स्वीकारल्यास संबंधित अधिकाऱ्याला तीन महिन्यांत कारण कळवावे लागते. तेथेही दाद न मिळाल्यास अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. वकिलाच्या खर्चाने कोणी घाबरू नये. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ प्रमाणे दिव्यांग व्यक्तीला मोफत विधी साहाय्य मिळते. तालुका विधी सेवा समितीकडे साधा अर्ज करावा किंवा १५१०० वर दूरध्वनी करावा.

तारापूरच्या कारखान्यात हात गमावलेल्या कामगाराची वाट मात्र वेगळी आहे. तो राज्य विमा योजनेत असेल, तर अपंगत्वलाभाचा दावा कामगार विमा न्यायालयात चालतो. नसेल, तर सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० नुसार देय रक्कम महिन्याभरात न दिल्यास मालकाला व्याज भरावे लागते आणि ५० टक्क्यांपर्यंत दंडही होऊ शकतो. निराधार योजनेच्या रांगेत त्याला उभे करून आपण त्याचा मोठा हक्क बुडवू नये.

हे सर्व कायदे पुस्तकात आहेत. पाड्यावरच्या माणसाच्या हाती मात्र बहुधा एक चुरगळलेले पासबुक असते. या दोहोंमधले अंतर कार्यकर्त्याने भरून काढायचे आहे. आपापल्या गावातील अशा प्रत्येक बांधवाची एक धारिका तयार करा. तीत अपंगत्वाचा दाखला, मंजुरीचा आदेश, पासबुकाची प्रत आणि प्रत्येक अर्जाची पोच तारखेनिशी लावा. उद्या न्यायालयापुढे उभे राहण्याची वेळ आलीच, तर त्या तारखाच त्याची बाजू मांडतील.