पैशाची पुस्तके आणि आपण



पैशावरच्या पुस्तकांविषयी चार शब्द बोलावयास मला सांगितले, तेव्हा एकीने विचारले, "हा विषय पुरुषमाणसांचा ना?" मी म्हटले, वाडीतली सुपारी वाळवतो आपण, सोलतो आपण, मात्र तिच्या पैशाचा कागद पुढे आला, की बोट दाखवतील तेथे सही करून मोकळ्या होतो. म्हणून हा विषय आपलाच आहे.

पहिले पुस्तक लोकहितवादींचे 'लक्ष्मीज्ञान'. ते १८४९ साली निघाले. अर्थशास्त्र मराठीतून सांगता येते, हे त्यांनी तेव्हाच दाखवून दिले. "आम्हांला इंग्रजी येत नाही" ही सबब इतकी जुनी ठरली आहे!

दुसरे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे, १९२३ साली लंडनला छापलेले, रुपयाच्या प्रश्नावरचे. बागमांडल्याहून तरीने वेसवीला उतरले, की मंडणगड तालुका लागतो. त्यातले आंबडवे हे त्यांचे मूळ गाव. रुपयाची किंमत घसरली, की भाव आधी चढतात आणि मजुरी मागून रखडत येते. नुकसान होते ते मजुराचे, हे त्यांनी त्यात मांडले. याचा हिशेब घरीही करता येतो. बहात्तरला महागाईच्या दराने भागावे. शेकडा सहा दराने बारा वर्षांत भाव दुप्पट. म्हणजे डब्यात दडवलेल्या शंभराचे मोल पन्नास!

तिसरे चिंतामणराव देशमुखांचे इंग्रजी आत्मचरित्र, १९७४ सालचे. महाडजवळच्या नाते गावी १८९६ साली जन्मलेला हा आपल्या जिल्ह्याचा सुपुत्र १९४३ साली रिझर्व्ह बँकेचा पहिला भारतीय गव्हर्नर झाला. ते अर्थमंत्री असताना १९५५ साली स्टेट बँक झाली आणि १९५६ साली आयुर्विमा सरकारकडे आला. आपल्या घरच्या पासबुकामागची आणि विम्याच्या कागदामागची हकीकत समजावयास हे पुस्तक उपयोगी पडेल.

चौथे अमेरिकेतल्या बेंजामिन ग्रॅहॅमचे 'द इंटेलिजंट इन्व्हेस्टर', १९४९ सालचे. वॉरन बफे यांनी ते एकोणिसाव्या वर्षी वाचले आणि जन्मभर मानले. ग्रॅहॅमच्या लहानपणीच वडील वारले. विधवा आईने उसनवारीवर शेअर घेतले आणि १९०७ च्या पडझडीत ते पैसे बुडाले. पुढे त्याने हेच शिकवले, की आपला अंदाज चुकणार असे धरूनच चालावे, आणि चुकला तरी निभावेल इतकी मोकळीक ठेवावी.

भगिनींनो, हे श्रीवर्धनकरांना वेगळे सांगावयास नको. ३ जून २०२० रोजी निसर्ग वादळाने उभ्या वाड्या एका दिवसात आडव्या केल्या. नवे रोप लावून सुपारी हाती येईपर्यंत कित्येक वर्षे जातात. ज्या घरी थोडी शिल्लक वेगळ्या ठिकाणी होती, त्या घराला तेवढाच धीर होता.

तेव्हा माझी सूचना अशी. ही पुस्तके मंडळाच्या कपाटात यावीत. महिन्यातून एका दुपारी इंग्रजी जाणणाऱ्या लेकीसुनांनी चार पाने मराठीतून समजावून सांगावीत. त्याने कोणी लक्षाधीश होईल असे मी म्हणत नाही. पण पुढच्या वर्धापनदिनापर्यंत प्रत्येकीने सही करण्यापूर्वी "यात काय लिहिले आहे?" एवढे विचारले, तरी पुस्तकांचे पैसे वसूल झाले, असे मी समजेन.