बाजू मांडण्याचा हक्क



सण किंवा निवडणूक जवळ आली, की काही घरांत तहसील कचेरीची नोटीस येते. मुलाचे नाव ‘चॅप्टर केस’मध्ये आलेले असते. घरात घबराट उडते. कोणी नोटीस दडवून ठेवतो, तर कोणी न वाचताच सही करून मोकळा होतो. म्हणून या विषयावर आज चार शब्द बोलावेत असे वाटले.

प्रथम हे ध्यानात घ्या, की नोटीस म्हणजे शिक्षा नव्हे. शांतताभंगाची भीती असेल तर कार्यकारी दंडाधिकारी, म्हणजे तालुक्यात तहसीलदार, शांतता राखण्याचा जातमुचलका मागू शकतात. पूर्वी यासाठी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १०७ होते. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १२६ आहे. परंतु त्याच कायद्याने दंडाधिकाऱ्यांवरही बंधने घातली आहेत. मिळालेल्या माहितीचा सारांश, मुचलक्याची रक्कम व मुदत त्यांनी लेखी द्यावी लागते. ती माहिती खरी की खोटी याची चौकशी करावी लागते. त्या चौकशीत आपल्याला वकील देता येतो व साक्षीदारांची उलटतपासणी घेता येते.

हा प्रश्न १९७० साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापुढे गेला होता. अर्जदार होते पुण्याचे समाजवादी नेते मधू लिमये. प्रकरण बिहारमधील मुंगेरच्या दंडाधिकाऱ्यांचे होते. निकाल दिला सरन्यायाधीश मोहम्मद हिदायतुल्ला यांनी. नागपूरला वकिली केलेले हे गृहस्थ देशाचे पहिले मुस्लिम सरन्यायाधीश. त्यांनी कायदा रद्द केला नाही. मात्र चौकशीला सुरुवातच न करता तात्पुरता मुचलका मागता येणार नाही, असे त्यांनी बजावले.

तडीपारी याहून कठोर. त्यात माणसाचे घर सुटते, रोजगार बुडतो. १९५१ च्या पोलीस अधिनियमाच्या कलम ५९ प्रमाणे आरोपांचे सर्वसाधारण स्वरूप लेखी कळवून खुलाशाची वाजवी संधी दिल्याशिवाय असा हुकूम काढता येत नाही. हुकूम झाला तरी तीस दिवसांत राज्य शासनाकडे अपील करता येते. जालना जिल्ह्यातील एका रहिवाशाला अंबडच्या उपविभागीय दंडाधिकाऱ्यांनी दोन वर्षांसाठी तडीपार केले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली तो हुकूम रद्द केला. तडीपारी हा अपवादात्मक उपाय आहे, आणि जास्तीत जास्त मुदत ठोठावताना अधिकाऱ्याने विचार केल्याचे हुकुमात दिसले पाहिजे, असे न्यायालयाने म्हटले.

आपल्याला ही शिकवण परकी नाही. हजरत अली यांना काझी म्हणून यमनला पाठविताना पैगंबर साहेबांनी ताकीद दिली होती, की एकाचे ऐकल्यावर दुसऱ्याचेही ऐकल्याखेरीज निवाडा करू नये. ही हदीस आपल्यापैकी अनेकांनी ऐकली असेल.

मात्र ऐकणाऱ्यापुढे बोलणारा हजर हवा. तारखेला गैरहजर राहिलो, तर हक्क कागदावरच राहतो आणि आपल्याविरुद्धची माहितीच तेवढी दप्तरात उरते. म्हणून पालकांनो, नोटीस आली तर ती कोणत्या तारखेला मिळाली ते तिच्यावर लिहून ठेवा. प्रत जपा. आरोप समजून घ्या आणि वकिलाच्या सल्ल्याने लेखी खुलासा द्या. त्याची पोच घ्या. न वाचता सही करू नका. वकिलाची ऐपत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा.

राजर्षी शाहू महाराजांनी १९०६ साली कोल्हापुरात मुस्लिम समाजाच्या शिक्षणासाठी संस्था उभी करण्यास हात दिला. त्या शिक्षणाचा एक उपयोग हाही आहे. विद्यार्थी मित्रांनो, मोहल्ल्यात कोणाकडे सरकारी कागद आला, तर तो शांतपणे वाचून अर्थ सांगणारा एक तरी मुलगा किंवा मुलगी प्रत्येक गल्लीत असावी.