फालुनचे शाहीर

(मंडळाच्या व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



या व्यासपीठावर आजवर संतसाहित्य झाले, लोकमान्य झाले, मधुमेह आणि आहारही झाला. यंदा सचिवांनी मला बोलायला सांगितले तेव्हा त्यांना वाटले, हा पी-वेचा माणूस, रुळांविषयी बोलेल. मी म्हणालो, "विषय हेवी मेटल आहे." ते म्हणाले, "म्हणजे लोखंडच ना?" मी हो म्हणून टाकले. आता कार्यक्रम पत्रिकेत छापून आले आहे, त्यामुळे त्यांचा नाइलाज आहे!

गमतीचा भाग सोडा. मी संगीतातला जाणकार नाही. डिप्लोमा करून रेल्वेत लागलो, वीस-बावीस वर्षे रूळ, स्लीपर आणि गिट्टी यांत गेली. बिलासपूरच्या या कॉलनीत संसार झाला. स्वीडनमधल्या एका बँडविषयी मी आज बोलणार आहे, त्याचे कारण माझ्या घरात आहे.

मुलगा बारावीला होता. माझे रात्रीचे ब्लॉक असायचे. पहाटे पाचला घरी यायचे, नऊ वाजेपर्यंत डोळा लागायचा आणि मग पलीकडच्या खोलीतून धडाड धडाड सुरू. त्यातच सहामाहीत त्याला गणितात कमी गुण पडले. मी एक दिवस त्याचा स्पीकर उचलला आणि कपाटात कुलूप लावून ठेवला. त्यानंतर जवळजवळ दोन महिने तो माझ्याशी कामापुरतेच बोलला. "आईला सांग", "बाबांना विचार" असा सगळा कारभार हिच्या मार्फत. ज्यांच्या घरात या वयाची मुले आहेत त्यांना मी काय म्हणतो ते कळेल.

एका रविवारी रात्री जेवताना वीज गेली. अंधारात, का कोण जाणे, मी विचारले, "अरे, ते काय ऐकतोस त्यात असतं तरी काय?" तो आधी गप्प राहिला. मग म्हणाला, "बाबा, इटलीत तीन ब्राझीलचे सैनिक मेले होते, त्यांची गोष्ट असते." आणि त्याने ती सांगितली.

दुसऱ्या महायुद्धात ब्राझील लढेल यावर कोणाचा विश्वास नव्हता. लोक म्हणत, ब्राझील युद्धाला जाण्यापेक्षा साप चिलीम ओढेल हे जास्त शक्य आहे. पण १९४४ मध्ये सुमारे पंचवीस हजार ब्राझिली सैनिक इटलीत उतरले, आणि त्यांनी दंडावर चिन्ह लावले ते चिलीम ओढणाऱ्या सापाचे! एप्रिल १९४५ मध्ये मोंतेसे गावाजवळ त्यांच्यातले तिघे शत्रूच्या मोठ्या तुकडीसमोर सापडले. शरण या म्हटले तर आले नाहीत, शेवटपर्यंत लढले. असे सांगतात की जर्मनांनीच त्यांना मूठमाती दिली आणि वर क्रूस उभारून लिहिले, 'तीन ब्राझिली वीर'. या तिघांवरचे गाणे म्हणजे 'स्मोकिंग स्नेक्स', आणि गाणारा बँड म्हणजे सॅबटन. मुलाला तिघांची नावे पाठ होती.

मग त्याने विचारले, "बाबा, तुमचे आजोबाही इटलीतच होते ना? कुठे होते?"

मला उत्तर देता आले नाही. ते शेवटी पुन्हा सांगतो.

आधी हा बँड काय आहे ते सांगतो. स्वीडनमध्ये फालुन नावाचे छोटे शहर आहे. तिथे तांब्याची जुनी खाण होती. सतराव्या शतकात युरोपातल्या तांब्याचा फार मोठा वाटा तिथून निघे, आणि स्वीडनच्या साम्राज्याच्या लढायांचा खर्च बराचसा त्यावर चाले. १९९२ मध्ये ती खाण बंद झाली. २००१ मध्ये युनेस्कोने तिला जागतिक वारशाच्या यादीत घेतले. खाण बंद झाल्यावर सात वर्षांनी, १९९९ मध्ये, त्या गावातल्या पोरांनी हा बँड काढला. सॅबटन म्हणजे योद्ध्याच्या चिलखतातले पायाचे आवरण. योआकिम ब्रोदेन हा मूळचा कीबोर्ड वाजवणारा. गाणाऱ्याची जागा त्याच्या वाट्याला आली आणि तीच त्याची ओळख झाली. पेर सुंडस्ट्रॉम बास गिटार वाजवतो आणि कारभारही बघतो. आपल्या मंडळात जसे एक जण आरती म्हणतो आणि एक जण पावतीपुस्तक सांभाळतो, तसे.

हे 'पॉवर मेटल' म्हणजे काय? वेग जोराचा, दोन्ही पायांनी वाजवायचे ड्रम, दोन गिटार, मागे कीबोर्ड, आणि ध्रुवपद असे की हजारो लोकांना एकदम म्हणता यावे. पोवाड्यात शाहीर कडवे म्हणतो आणि झीलकरी 'जी जी' उचलून धरतात, तसाच हा प्रकार. फरक इतकाच की इथे झीलकरी म्हणजे समोरचा सगळा जमाव.

सुरुवात मात्र रखडत झाली. २००२ मध्ये त्यांनी एका कंपनीसाठी 'मेटलायझर' हा अल्बम ध्वनिमुद्रित केला, आणि तो पाच वर्षे पडून राहिला. बाहेर आला २००७ मध्ये. आपल्याकडे एखादा पूल बांधून तयार असावा आणि त्यावरून गाडीच जाऊ नये, तसे. वाट बघत बसण्यापेक्षा त्यांनी स्वतःचे पैसे घालून दुसरा अल्बम केला. तो 'प्रिमो व्हिक्टोरिया', २००५. त्यातले मुख्य गाणे ६ जून १९४४ च्या नॉर्मंडीतल्या उतरण्यावर आहे. या गाण्याने त्यांना रस्ता सापडला, तो म्हणजे इतिहास.

पुढे २००८ मध्ये सून त्झूच्या युद्धशास्त्राच्या ग्रंथाचा आधार घेऊन 'द आर्ट ऑफ वॉर' आला. त्यात 'फोर्टी टू वन' नावाचे गाणे आहे. सप्टेंबर १९३९, पोलंडमधले विझ्ना. कॅप्टन व्वादिस्वाव रागिनिस याच्याकडे काहीशे माणसे, समोर चाळीस हजारांच्या वर जर्मन. जिवंतपणी ठाणे सोडणार नाही अशी त्याने शपथ घेतली होती आणि ती पाळली. पावनखिंड ऐकत वाढलेल्या माणसाला ही गोष्ट निराळी समजावून सांगावी लागत नाही. या गाण्यानंतर पोलंडने या स्वीडिश पोरांना डोक्यावर घेतले. २०१२ मध्ये तिथल्या वुडस्टॉक महोत्सवात त्यांच्यासमोर अफाट जनसमुदाय होता. परक्या माणसाने आपल्या मेलेल्या माणसाची आठवण ठेवली, याचे मोल लोकांना असते.

आता २०१२ ची गोष्ट. मला ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. 'कारोलुस रेक्स' हा स्वीडनच्या साम्राज्याच्या उदयास्ताचा अल्बम त्यांनी इंग्रजी आणि स्वीडिश अशा दोन भाषांत केला होता. गुस्ताव अडॉल्फच्या काळापासून बारावा चार्ल्स १७१८ मध्ये नॉर्वेत गोळी लागून गेला तिथपर्यंत. अल्बम यायच्या तोंडावर बँडमधले सहापैकी चार जण एकदम बाहेर पडले. सततचे दौरे आणि घर यांचा मेळ बसेना. उरले ब्रोदेन आणि सुंडस्ट्रॉम. माझ्या भाषेत सांगायचे तर ब्लॉक मंजूर झालेला, मशीन उभे, आणि सहाच्या गँगमधले चार गैरहजर! आम्ही अशा वेळी ब्लॉक रद्द करतो. त्यांनी नवी माणसे घेतली आणि दौरा केला. तोच अल्बम स्वीडनमध्ये प्लॅटिनमच्या मानाला पोचला. गेलेल्या चौघांनी 'सिव्हिल वॉर' नावाचा बँड काढला, आणि तेही इतिहासच गाऊ लागले. २०१६ मध्ये बाहेर पडलेला एक गिटारवादक, तोब्बे एंग्लुंड, २०२४ मध्ये परतला. दार उघडे ठेवले की माणसे परत येतात. मंडळांनीही हे लक्षात ठेवायला हरकत नाही.

इथे एक प्रश्न ज्येष्ठांच्या मनात असेल, माझ्याही होता. हे सगळे लढाईचे गोडवे आहेत का? मी मुलाला तेच विचारले. त्याने मला 'द प्राइस ऑफ अ माइल' ऐकवले. १९१७ ची पाशेंडेलची लढाई, मैलभर चिखलासाठी गेलेले हजारो जीव. मग 'नो बुलेट्स फ्लाय'. २० डिसेंबर १९४३, चार्ली ब्राउन या अमेरिकनाचे चाळण झालेले बाँबर विमान कसेबसे परत चालले होते. फ्रांझ श्टिगलर हा जर्मन वैमानिक त्याच्या मागे आला, आतले जखमी पाहिले, आणि गोळी न झाडता त्याने त्याला समुद्रापर्यंत सोबत केली. दोघे पुन्हा भेटले ते १९९० मध्ये. २००८ मध्ये दोघेही गेले. भगिनींसाठी सांगतो, 'नाइट विचेस' हे गाणे सोव्हिएत स्त्री वैमानिकांच्या रेजिमेंटवर आहे. लाकूड-कापडाची विमाने, आणि लक्ष्याजवळ इंजिन मंद करून अंधारात तरंगत जायचे.

तरी एक उणीव मान्य केली पाहिजे. चार मिनिटांच्या गाण्यात वीर मावतो, कारणे मावत नाहीत. युद्ध का झाले, कोणी लादले, मागे घरी काय झाले, हे ध्रुवपदात बसत नाही. हे त्यांनाही जाणवले असावे. २०१९ मध्ये त्यांनी इंडी नायडेल या इतिहास सांगणाऱ्या माणसाबरोबर 'सॅबटन हिस्ट्री' हा यूट्यूब चॅनल सुरू केला आणि एकेका गाण्यामागची हकिगत तिथे सांगू लागले. त्याच वर्षी पहिल्या महायुद्धावरचा 'द ग्रेट वॉर' आला, त्याची एक आवृत्ती निवेदनासह होती. २०२२ मध्ये त्याच युद्धावर दुसरा अल्बम आणि २०२५ मध्ये 'लेजेंड्स'. एकूण अकरा अल्बम झाले, आणि गावात ते अजून फालुनचेच आहेत.

आता मुलाच्या प्रश्नाकडे येतो.

माझे आजोबा सातारा जिल्ह्यातले. मराठा पलटणीत होते आणि इटलीत गेले होते, एवढेच घरात सगळ्यांना माहीत. कुठली बटालियन, कुठली नदी, कुठले गाव, काही नाही. त्यांची एक ट्रंक होती. घराचे पत्रे गळले त्या पावसाळ्यात त्यातले कागद लगदा झाले. मी तेव्हा डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाला होतो. 'जुनी रद्दी' म्हणून मीच ती परड्यात नेऊन टाकली. आजोबा ओट्यावर बसून बघत होते. काही बोलले नाहीत. ते कधीच काही बोलत नसत. फक्त जेवायला बसले की कधीकधी भाकरीला 'पाने' म्हणत. आम्ही हसायचो, म्हातारा भाकरीला झाडाची पाने म्हणतो. परवा मुलाने सांगितले, "बाबा, इटालियनमध्ये पाव म्हणजे पाने."

मित्रहो, हे कळायला मला पंचेचाळिशी गाठावी लागली.

मुलाला मोंतेसेच्या तिघांची नावे पाठ. पण त्याच इटलीत १० जुलै १९४४ रोजी तैबर नदीच्या खोऱ्यात मशीनगनवर एकटे धावून गेलेले माणगाव तालुक्यातले नाईक यशवंत घाडगे, आणि ९ एप्रिल १९४५ रोजी सेनियो नदीकाठी जखमी साथीदारांना पाठीवर वाहून आणणारे शिपाई नामदेव जाधव, या दोघा व्हिक्टोरिया क्रॉस मिळालेल्या मराठ्यांची नावे त्याला माहीत नव्हती. आणि खरे सांगायचे तर त्यालाच का बोल लावू? मलाही ती त्याच्यानंतर आठ दिवसांनी कळली, त्यानेच शोधून सांगितल्यावर. ब्राझीलच्या तिघांना फालुनचे शाहीर मिळाले. आपल्याकडे तर पोवाडा घरचा. अफजलखानाच्या वधावर अज्ञानदासाने, सिंहगडावर तुळशीदासाने रचले. ती परंपरा आपण भिंतीवर टांगून ठेवली, आणि पोर ती हेडफोनमध्ये दुसऱ्यांच्या भाषेत शोधत बसले.

आम्ही दोघांनी मिळून आजोबांची माहिती मिळावी म्हणून अर्ज केला आहे. सेवा क्रमांक ठाऊक नसताना असा शोध सोपा नाही. कदाचित काहीच मिळणार नाही. तो लगदा मी परत आणू शकत नाही. पण स्पीकर कपाटातून काढून दिला आहे. नऊच्या आधी लावायचा नाही, एवढा करार आहे.

मंडळाला माझी एक विनंती आहे. या कॉलनीत कितीतरी घरांत असे आजोबा-पणजोबा असतील, कोणी पलटणीत, कोणी रेल्वेत. पुढच्या वर्षी एक संध्याकाळ त्यांच्यासाठी ठेवू. ज्येष्ठांनी सांगायचे, तरुणांनी लिहून घ्यायचे. वाटल्यास त्यावर डफ वाजवा, वाटल्यास गिटार वाजवा. आवाज थोडा जास्त झाला तर मी शेजाऱ्यांना समजावीन. आता मला सवय झाली आहे.

आणि ज्यांचे आजोबा अजून ओट्यावर बसलेले आहेत, त्यांनी पुढच्या वर्षापर्यंत थांबू नये. आज घरी गेल्यावरच विचारावे.