बंद पडलेलं स्टेशन आणि तीन वैमानिक



१३ ऑगस्ट १९७२. खैबर खिंडीतल्या लंडी कोटल या गावात सकाळच्या वेळी तीन तरुण टॅक्सीची चौकशी करतायत. लंडी खानाला जायचंय, किती घ्याल? ऐकणाऱ्याच्या मनात पाल चुकचुकते. लंडी खानाचं रेल्वे स्टेशन इंग्रजांनी १९३२ सालीच बंद केलेलं. चाळीस वर्षं जिथं गाडी गेली नाही, तिथं या परक्या पोरांचं काय काम? बघता बघता माणसं जमतात आणि तिघं पकडले जातात. पकडणाऱ्यांचा आधी समज होतो, की हे बंगाली असावेत. बांगलादेश झाल्यावर पाकिस्तानात अडकलेले कितीतरी बंगाली त्या वाटेनं अफगाणिस्तानात निसटत होते. प्रत्यक्षात ते होते भारतीय हवाई दलाचे दिलीप परुळकर, ग्रेवाल आणि हरीश सिंहजी. आदल्या रात्री रावळपिंडीच्या युद्धकैदी छावणीची भिंत फोडून निघालेले. सरहद्द राहिली होती चारेक मैल.

फेथ जॉन्स्टन या कॅनडाच्या लेखिकेनं या सुटकेवर २०१३ साली पुस्तक लिहिलं. त्याचं नाव ‘फोर माइल्स टू फ्रीडम’. नाव वाचताक्षणी कळतं, की ही माणसं पोचली नाहीत. शेवट मुखपृष्ठावरच सांगून टाकलाय. तरी पुस्तक खाली ठेववत नाही, आणि ते का ठेववत नाही, हाच माझ्या आजच्या बोलण्याचा विषय.

लढाऊ वैमानिकांच्या पुस्तकांना आपल्याकडे ‘स्फूर्तिदायक’ असा शिक्का मारतात. शाळेच्या बक्षीस समारंभात ती वाटतात आणि मग ती कपाटात जातात. मला हा त्या पुस्तकांवर अन्याय वाटतो. प्रवासवर्णन किंवा आत्मचरित्र जसं वाचतो, तशीच लेखनाचा एक प्रकार म्हणून ती वाचायला हवीत. त्यांतलं चांगलं कोणतं, फुसकं कोणतं, हे कान तयार झाला की ओळखू येतं.

परळच्या दामोदर नाट्यगृहात ज्यानं नाटकं पाहिली, त्या आमच्या भोईवाड्याच्या प्रेक्षकाला हे वेगळं सांगायला नको. मरणाच्या प्रसंगाला जो नट गळा काढतो, त्याच्याकडे तो सुपारी कातरत बघतो. आणि जो त्याच क्षणी आवाज खाली आणून नुसतं खुंटीवरचं धोतर नीट करतो, तिथं पिटातली कुजबुज थांबते. युद्धाच्या पुस्तकांतही असंच असतं. ‘प्राणांची पर्वा न करता’, ‘वाघासारखा झेपावला’ असं आलं की समजावं, लेखकाकडे माहिती नाही. विशेषणं मोजू नका, माणसाचे हात काय करतायत ते पाहा.

परुळकरांचंच घ्या. १० डिसेंबर १९७१ ला त्यांचं सुखोई-७ पाडलं गेलं. छावणीत हळूहळू हवाई दलाचे बारा जण जमले. पुढचे महिने पुस्तकात कशात जातात? शालेय ऑक्सफर्ड नकाशावही मिळवण्यात. सुईला चुंबकत्व देऊन होकायंत्र जमवण्यात. रोज थोडं प्लास्टर, थोडी वीट खरवडण्यात. त्यात मधूनमधून वाद: लढाई तर संपली, आज ना उद्या सोडतीलच, मग ही उठाठेव कशाला? आणि आपण गेल्यावर मागे राहणाऱ्यांचं काय? वाचकाला हा भाग संथ वाटतो, पुष्कळ जण पानं उलटतात. कृपा करून उलटू नका. भिंत फोडणं आणि पावसाच्या रात्री बाहेर पडणं यांत धैर्य आहेच. पण मला त्याहून अवघड वाटतं ते दिवसाउजेडी पहारेकऱ्यांसमोर कंटाळलेल्या कैद्याचा चेहरा करून बसणं, तेही महिनोन्‌महिने.

आणि मग तो नकाशा. इतकी तयारी, आणि घात केला तो कागदावर उरलेल्या, जमिनीवरून पुसल्या गेलेल्या एका स्टेशनानं. कादंबरीकारानं हे रचलं असतं, तर ओढूनताणून आणलंय म्हणालो असतो.

पकडल्यावर परुळकरांनी जे केलं, ते तर फारच सुंदर आहे. जमाव तापलेला, हेर म्हणून जागीच गोळी घातली जाण्याची भीती. त्यांनी तहसीलदाराला सांगितलं, पाकिस्तानी हवाई दलप्रमुखांच्या एडीसींना, म्हणजे खास सहायक अधिकाऱ्यांना, फोन लावा. हे एडीसी म्हणजे उस्मान हमीद. छावणीचे पहिले प्रमुख तेच होते आणि कैद्यांशी माणुसकीनं वागले होते. उस्मान यांनी फोनवर सांभाळून घेतलं, ही आमचीच माणसं आहेत, यांना धक्का लावू नका. शत्रूच्या अधिकाऱ्याच्या सभ्यतेवर इतका भरवसा टाकणं, यालाही शौर्य म्हणायला हवं. लेखिका परदेशी. म्हणूनच असेल, तिनं उस्मानना कुठं लहान केलं नाही. सगळे कैदी १ डिसेंबर १९७२ ला वाघ्यावरून परत आले. परुळकर २०२५ च्या ऑगस्टमध्ये गेले. त्याच छावणीतले धीरेंद्र जफा यांचंही ‘डेथ वॉझन्ट पेनफुल’ हे पुस्तक आहे. दोन्ही शेजारी ठेवून वाचली तर एकच खोली दोन खाटांवरून दिसते.

या शेजारी ठेवण्याचाच पुढचा भाग म्हणजे शत्रूचं पुस्तक वाचणं. हवाई लढाई काही मिनिटांत संपते, साक्षीदार वेगानं लांब जात असतात, काही परततच नाहीत. त्यामुळे एका बाजूचं वाचून भागत नाही.

७ सप्टेंबर १९६५ ला आदमपूरहून आपली मिस्टेअर विमानं पाकिस्तानच्या सरगोधा हवाई तळावर गेली. त्यांतले स्क्वाड्रन लीडर देवय्या परतले नाहीत. बेपत्ता, एवढीच नोंद. १९७९ मध्ये जॉन फ्रिकर या इंग्रज लेखकाचं ‘बॅटल फॉर पाकिस्तान’ आलं. पुस्तक सरळसरळ पाकिस्तानी हवाई दलाच्या बाजूनं लिहिलेलं. पण त्यात एक कबुली होती. ध्वनीच्या दुप्पट वेगानं जाणारं त्यांचं एक स्टारफायटर त्या सकाळी मारा बसलेल्या एका मिस्टेअरनं पाडलं होतं. मग इकडे जुळवाजुळव झाली: तो वैमानिक देवय्याच असणार. १९८८ मध्ये त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळालं. घटनेनंतर तेवीस वर्षांनी, आणि तेही विरोधी पक्षाच्या पुस्तकामुळे!

आपले वैमानिक प्रकाश पिंगळे यांची गोष्टही अशी दोन्हीकडून वाचावी. ६ सप्टेंबर १९६५ च्या संध्याकाळी आपल्या हलवारा हवाई तळावर पाकिस्तानची तीन सेबर विमानं आली. पिंगळे आणि घांधी हंटर विमानांतून गस्तीवर होते. पाकिस्तानी तुकडीचा नेता रफिकी यानं पिंगळ्यांचं विमान पाडलं, पिंगळे हवाई छत्रीनं उतरले. दहा दिवसांनी, १६ तारखेला, त्यांनीच एक सेबर पाडलं आणि वीरचक्र मिळवलं. आपल्या पुस्तकात गोष्ट इथं पूर्ण होते. पलीकडच्या पुस्तकांत हलवाऱ्याचा नायक रफिकी आहे: बंदुका अडकल्या, साथीदाराला पुढे घातलं, स्वतः निःशस्त्र मागे राहिला आणि मारला गेला. तिघांतला एकच परतला. ही बाजू वाचून पिंगळे लहान होत नाहीत. कोणाशी गाठ होती हे कळतं, इतकंच. जगनमोहन आणि समीर चोप्रा यांनी १९६५ च्या हवाई युद्धाचा जो इतिहास २००५ साली लिहिला, त्यात दोन्हीकडचे दावे असे समोरासमोर ठेवून तपासलेत. देशप्रेम कमी न होता हिशेब नीट ठेवता येतो, याचा तो नमुना.

जगातल्या मोठ्या पुस्तकांबद्दल थोडक्यात. फ्रेंच लेखक-वैमानिक सेंत-एक्झुपेरी १९४० मध्ये आरास शहरावर टेहळणीला गेला, तेव्हा फ्रान्स हरलेलंच होतं. आणलेली माहिती कोणाच्या उपयोगी पडणार नाही, हे त्याला ठाऊक होतं. तरी जायचं. हे का, याचा शोध म्हणजे त्याचं पुस्तक. रिचर्ड हिलरी चेहरा आणि हात भाजून वाचला, ‘द लास्ट एनिमी’ लिहून पुन्हा उडायला गेला आणि १९४३ मध्ये मेला. उलट टोकाला जोसेफ हेलर. साठ मोहिमा स्वतः केलेला माणूस, पण ‘कॅच-२२’चा त्याचा नायक जीव वाचवण्यासाठी वाटेल ते करतो. शौर्यावरची पुस्तकं वाचणाऱ्यानं हे जरूर वाचावं, भीतीला न लाजण्यासाठी.

मराठीत काय? वि. स. वाळिंबे यांचं ‘वॉर्सा ते हिरोशिमा’ आहे. लेफ्टनंट कर्नल श्याम चव्हाण यांचं ‘वालाँग : एका युद्धकैद्याची बखर’ आहे, १९६२ नंतरच्या चिनी कैदेचं. ते परुळकरांच्या गोष्टीशी ताडून वाचा, भिंत नसलेली कैद काय असते ते दिसेल. पण आकाशातल्या लढाईवर, लढलेल्या माणसानं स्वतः मराठीत लिहिलेलं फार थोडं. आपल्या बोलण्यात विमान अजून परक्याचंच आहे की काय, कोण जाणे.

शेवटची गोष्ट खास गिरणगावच्या वाचकासाठी. डिसेंबर १९७१ चा ब्लॅकआउट, खिडक्यांना चिकटवलेले काळे कागद, हे इथल्या म्हाताऱ्यांना आठवतं. त्यांनी आयुष्य यंत्राशेजारी काढलं. त्यामुळे रफिकीच्या बंदुका अडकल्याचं वाचलं, की त्यांच्या डोक्यात पहिला प्रश्न येईल: भरल्या कोणी होत्या? हा प्रश्न फार मोलाचा. विमान उतरलं की काही मिनिटांत इंधन, गोळ्या, दुरुस्ती करून ते परत उभं करणारे फिटर आणि आर्मरर बहुतेक पुस्तकांत बिननावाचे राहतात. भोईवाड्याहून चालत जाण्याच्या अंतरावर, नायगावला मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय आहे, १८९८ पासूनची संस्था. तिथं किंवा तुमच्या गावच्या वाचनालयात असलं एखादं पुस्तक हाती आलं, तर शेवटची नामसूची उघडा आणि जमिनीवरच्या माणसांची नावं सापडतात का बघा. आणि तुमच्या घरात, शेजारी, कोणी हवाई दलात फिटर असेल, तर वही घेऊन त्याच्यासमोर बसा. पहिला प्रश्न विचारा, हात कुठं भाजायचे?